लियाओ सरांनी सोडलेली भूमिका

मी मेकअप करते असं कळलं की आपल्याकडच्या बायका हमखास विचारतात, "माझ्या भाचीचं लग्न आहे, येशील का गं?" जातेही मी. बहारीनला हमद टाउनमध्ये राहायला आलो तेव्हा शेजारच्या पार्लरमध्ये भुवया कोरण्यापासूनच माझी सुरुवात झाली. मिरजेत कोर्स केलेला होता, हात बरा होता, आणि हे सकाळी कंपनीच्या बसने सित्राला गेले की संध्याकाळपर्यंत घरात एसीचा आवाज ऐकत बसणं मला जमेना. पण गेली कित्येक वर्षं माझं खरं काम कॅमेऱ्यापुढचं आहे. जाहिराती, रमजानमध्ये लागणाऱ्या मालिका, अधूनमधून एखादा सिनेमा. त्यात नवरी क्वचितच असते. धडधाकट माणसांना म्हातारं करायचं, आजारी पाडायचं आणि वेळ पडली तर मारायचं, हे माझं काम.

लग्नातला मेकअप दिसावा लागतो, नाहीतर "केलंस काय?" म्हणतात. सिनेमातला दिसला की फसला. त्यातून बहारीनची हवा. सप्टेंबरमध्ये समुद्राकाठी उभं राहिलं की अंगावर कुणीतरी ओला टॉवेल टाकल्यासारखं वाटतं. नटाच्या कपाळावर घाम आला की नवशिकी मुलगी तो पुसायला धावते आणि त्याबरोबर निम्मा मेकअप पुसून आणते. घाम टिपायचा असतो, पुसायचा नसतो. मी नव्या मुलींना पहिले दोन महिने एवढंच शिकवते.

म्हातारं करायची एक रीत आहे. सुरकुत्या आपल्या मनाने काढायच्या नाहीत. नटाला सांगायचं, डोळे बारीक करा, तोंड वाकडं करा, खळखळून हसा. कातडी जिथे दुमडते तिथेच गडद रंग भरायचा आणि उंचवट्यावर फिका. प्रत्येकाचं म्हातारपण त्याच्या चेहऱ्यावर आधीपासून आखलेलं असतं, मी फक्त ते जरा लवकर आणते.

सगळ्यांना ते नको असतं. एका मालिकेत आजीचं काम करणाऱ्या बाई एकही सुरकुती काढू देईनात. "माझी आई सत्तरीत अशीच दिसायची," म्हणाल्या. शूटिंग सुरू झालं तेव्हा त्यांचा मुलगा झालेला नट त्यांच्यापेक्षा थोराड दिसायला लागला. शेवटी मी त्या बिचाऱ्याच्या मिशा काळ्या केल्या, त्याला दाढी काढायला लावली, डोळ्यांखालच्या पिशव्या झाकल्या. मालिका चांगली चालली. त्याला पुढे कॉलेजकुमाराचं काम आलं असं ऐकलं.

असे किस्से पुष्कळ आहेत. पण मंडळाच्या दिवाळी अंकासाठी लिही म्हणाले तेव्हा माझ्या डोळ्यांपुढे आले ते लियाओ सर. ते तैवानचे. नट आणि पटकथाकार. त्यांच्या सिनेमाचं इथलं शूटिंग आम्ही केलं.

सिनेमाची गोष्ट त्यांनीच लिहिली होती आणि मुख्य कामही तेच करणार होते. तैवानमधला एक वेल्डर तरुणपणी बहारीनला येतो, सित्राच्या तेलाच्या टाक्यांवर काम करतो आणि परत जातच नाही. म्हातारा झाल्यावर त्याचा मुलगा त्याला शोधत येतो. इथली सगळी व्यवस्था युसुफकडे होती. युसुफ सित्राचाच, बहारीनी. माझ्याशी हिंदीत बोलतो आणि दर दोन वाक्यांनंतर 'यल्ला', म्हणजे चला, म्हणतो. त्याने अदलियात एक जुना व्हिला ऑफिससाठी घेतला होता. तिथल्या मागच्या खोलीत माझी खुर्ची आणि आरसा.

दिग्दर्शिका मेइ, पस्तिशीची. लियाओ सरांच्या हाताखाली दहा वर्षं लिहायला शिकलेली. ती त्यांना 'लाओशी' म्हणायची, म्हणजे गुरुजी. तिचं इंग्रजी उत्तम. सरांचं साधारण माझ्यासारखंच, त्यामुळे आमचं चांगलं जमलं. दोघांनाही मोठी वाक्यं येत नसली की लपवाछपवी होत नाही.

पहिल्या दिवशी मी त्यांना म्हटलं, "सर, हसून दाखवा. मला रेषा बघायच्यात."

ते हसले. सदुसष्ट वर्षांचा माणूस, पण हसला की गालांवर कानापर्यंत रेषा जात. मी बोट ठेवून बघत होते तर म्हणाले, "मिस शैला, या रेषा फुकट नाही आल्या. तीस वर्षं लोकांना हसवलं, तेव्हा आल्या."

रोज दीड-दोन तास ते माझ्यापुढे बसत. म्हातारा करायचा मेकअप घाईने होत नाही. त्या वेळात ते आपली हकिगत सांगत, मेइ खोलीत असली की ती अडलेले शब्द सोडवी.

दोघे भाऊ. वडील लवकर गेले. आई काओशुंगच्या बंदरावर माशांच्या गोळ्यांचं सूप विकायची. मोठा शेंग गोदीत वेल्डर, धाकटे हे त्याचे मदतनीस. एकदा गोदीत सिनेमावाले आले. त्यांना धक्क्यावरून पाण्यात पडणारा माणूस हवा होता. ठरलेला माणूस घाबरला. यांनी हात वर केला आणि पडले. दिग्दर्शकाने पुन्हा पडायला लावलं, पुन्हा पडले. "मग मला रोज मारायला लागले," ते सांगत. सुऱ्याने, गोळीने, छपरावरून ढकलून. एकदा विषाने. "आधी मरायला शिकलो, बोलायला नंतर."

बोलायची पाळी आली ती एका बसड्रायव्हरच्या भूमिकेत. त्याची मुलगी त्याच्याशी बोलत नाही, एवढीच गोष्ट. त्या सिनेमाने ते घरोघरी पोचले. बाजारात गेले की बायका हात धरून म्हणत, "पोरीला क्षमा करा हो." बक्षीस मिळालं, फोटो छापून आले. काही वर्षं अशी गेली. मग तिथल्या थिएटरांत बाहेरचे सिनेमे लागायला लागले, त्यांच्याकडचे बनेनासे झाले, आणि पन्नाशीतल्या माणसाला कुणी काम देईना.

"तेव्हा लिहायला बसलो," ते म्हणाले. "म्हटलं, माझ्यासाठी कुणी लिहीत नाही, तर मीच लिहितो."

स्वयंपाकघरातल्या टेबलावर ते लिहायचे आणि प्रत्येक पात्राचं काम करून बघायचे. आत भांडण, रडारड, प्रेमाच्या गोष्टी. बायको बाहेरून विचारायची, "पाहुणे जेवायला थांबणारेत का?" बायको जाऊन तेव्हा चार वर्षं झाली होती. त्यांनी लिहिलेल्या मालिका चालल्या, सिनेमे चालले. मुख्य काम मात्र दरवेळी दुसऱ्याला. एका सिनेमाच्या पहिल्या खेळाला ते मागच्या रांगेत बसून पडद्यावरच्या नटाबरोबर ओठ हलवत होते. शेजारच्या माणसाने दटावलं, "सिनेमा बघू द्या."

हा सिनेमा मात्र त्यांचा होता. वेल्डर म्हणजे शेंग, त्यांचा भाऊ. तो खरोखरच बहारीनला आला होता. काही वर्षं चिठ्ठी यायची, मग नुसती खुशाली. एक दिवस हृदयविकाराने गेला, आणि इथेच मातीत ठेवला. सिनेमातला मुलगा लेखकाच्या मनातला. शेंगने लग्न केलंच नव्हतं. त्याला शोधत येणारं कुणी असेल तर हे धाकटे, आणि त्यांना यायला उभा जन्म लागला.

"आई म्हणायची, शेंग तिकडे एकटा रडत असेल. मरेपर्यंत तेच म्हणत होती. म्हणून मला हे काम करायचंय," ते म्हणाले. "दुसऱ्या कुणाला नाही देणार."

तिसऱ्या आठवड्यात माझ्या लक्षात एक गोष्ट आली. सकाळी मी नेहमीसारखं म्हटलं, "हसा." ते म्हणाले, "हसलो." मी आरशात बघितलं. डावा गाल जागचा हलला नव्हता. उजवा जेमतेम. आधी वाटलं, झोप झाली नसेल. पण मग इतर गोष्टी दिसायला लागल्या. ते पापण्या फार कमी मिटत. डोळे कोरडे पडून उलट पाणी वाहायचं, आणि डोळ्यांखालचा माझा रंग धुऊन जायचा. तोंडाच्या कोपऱ्यात ओल यायची. चेहरा शांत, देखणा, आणि जणू दुसऱ्या कुणाचा.

दोन दिवस मी गप्प राहिले. तिसऱ्या दिवशी मेइ बाहेर गेल्यावर विचारलं, "सर, तुम्हाला बरं नाही का?"

त्यांनी आरशातूनच माझ्याकडे बघितलं. "तुला दिसलं?"

"दिसलं."

"डॉक्टरांनी सांगितलंय. पार्किन्सन्स. माझा हात थरथरत नाही. माझ्या वाट्याला चेहरा आला. नटाच्या वाट्याला चेहराच यायचा."

आपल्याकडे त्याला कंपवात म्हणतात. कंप नसलेलाही कंपवात असतो हे मला तेव्हा कळलं. मी विचारलं, "मेइला माहीत आहे?"

"नाही. तू सांगू नको. औषध घेतोय. काही दिवस बरे जातात." मग म्हणाले, "मेकअपने काही होईल?"

इतक्या वर्षांत लोकांनी माझ्याकडे काय काय मागितलं होतं. पण या प्रश्नाला उत्तर देताना माझ्या हातातला ब्रश खाली ठेवावा लागला. मी म्हटलं, "सर, मी सुरकुती काढू शकते. ती हलवू शकत नाही."

त्यांनी मान डोलावली. मी त्यांच्या डोळ्यांत थेंब घातले आणि पुढचं काम केलं. मेइला काही बोलले नाही. घरी यांना सांगितलं तर हे म्हणाले, "तू नाही बोललीस तरी कॅमेरा बोलेलच की." तसंच झालं.

बुदैयाच्या किनाऱ्यावर बापलेकाच्या पहिल्या भेटीचा प्रसंग होता. मुलगा समोर येऊन नाव सांगतो, बाप ओळखतो, आणि त्याच्या चेहऱ्यावर एकामागून एक पाच-सहा गोष्टी उमटतात. संवाद नव्हता. सगळं चेहऱ्यावर. पहिला टेक झाला, दुसरा झाला. मेइ येऊन हळू आवाजात काहीतरी सांगून जायची. पुन्हा टेक. ऊन चढलं, ओहोटी लागून पाणी मागे गेलं, मुलाचं काम करणारा पोरगा अस्वस्थ व्हायला लागला. मी घाम टिपायला जवळ गेले की सर माझी नजर टाळत. शेवटी मेइचा तोल गेला. ती त्यांच्यावर कधी आवाज चढवत नसे, त्या दिवशी चढवला. चिनीत काय म्हणाली ते मला कळलं नाही, पण युसुफने नंतर तिच्याचकडून ऐकून सांगितलं. ती म्हणाली होती, "लाओशी, तुम्ही मला काहीच देत नाही आहात. माझ्यावर रागावलात का?"

सर तिला बाजूला घेऊन गेले. लांब, पाण्याकडे. दोघं पाठमोरी उभी. ती आधी सरळ उभी होती, मग एकदम खाली वाळूत बसली.

त्या दिवसाचं काम तिथेच थांबलं. युसुफ माझ्याजवळ आला. "शैला बेहन, खलास?"

"पता नहीं," मी म्हटलं.

खलास झालं नाही. दुसऱ्या दिवशी मेइ डोळे सुजलेली, पण कंबर कसून आली. तिने रात्रभर विचार केला होता. ती म्हणाली, हा माणूस एकटा राहून राहून आतून गोठलाय असंच आपण दाखवू. परक्या देशात त्याला हसायला-रडायला कुणी नव्हतं, म्हणून त्याचा चेहराच हसणं-रडणं विसरून गेला. लाओशींची आई म्हणायची तसाच. सरांनीही मान्य केलं. त्यांनी प्रसंग थोडे बदलले. मी रंग बदलला, गालांखाली सावली वाढवली, ओठ फिके केले. आणि खरं सांगते, काम फार सुंदर व्हायला लागलं. तो न हलणारा चेहरा पडद्यावर बघवत नव्हता, इतका खरा वाटायचा. मला वाटलं, सुटलो. देवाने एक दार लावलं तर लेखकाने खिडकी पाडली.

मग युसुफने एक चांगलं काम केलं. चांगलंच म्हणायचं.

सित्रातल्या आपल्या गावात तो कधीपासून विचारत होता की पूर्वी इथे शेंग नावाचा तैवानी वेल्डर राहायचा, कुणाला आठवतो का. बरेच जण 'मफी, मफी', नाही बुवा, म्हणत. शेवटी त्याच्या एका काकांना आठवला. हे हाजी ऐंशीच्या पुढचे, पूर्वी त्यांचं गॅरेज होतं. सुट्टीच्या दिवशी युसुफ सरांना त्यांच्याकडे घेऊन गेला. मेइ होती, मीही गेले. सरांच्या डोळ्यांत दर तासाला थेंब घालायचे असायचे, ते आता माझंच काम झालं होतं.

हाजींच्या बैठकीत गालिच्यावर बसलो. कावा म्हणजे अरबी कॉफी आली, खजूर आले. सर पाठ ताठ ठेवून बसलेले. हाजी अरबीत बोलायचे, युसुफ इंग्रजीत सांगायचा, मेइ चिनीत.

सरांनी पहिलाच प्रश्न विचारला, "माझा भाऊ इथे फार दुःखी होता का?"

युसुफने अरबीत विचारलं. हाजींनी त्याच्याकडे बघितलं, मग सरांकडे, आणि त्यांना हसू फुटलं. "शेंग? दुःखी? ला, ला!" नाही, नाही म्हणत ते सांगायला लागले.

शेंग संध्याकाळी गॅरेजवर यायचा. आला की पोरं गोळा व्हायची. मोडकं अरबी बोलायचा आणि स्वतःच्याच चुकांना हसायचा. त्याचं हसू असं की गाडीखाली झोपून काम करणारा माणूस पाना टाकून बाहेर यायचा, काय झालं बघायला. मासा भात खायचा, हाताने, आमच्यासारखा. आमच्या लग्नांत नाचायचा. हाजींनी त्याचं हसू करूनही दाखवलं. डोकं मागे टाकून, मांडीवर हात मारत, सगळं अंग हलवत. म्हातारा माणूस, हसता हसता खोकला लागला.

"घराबद्दल बोलायचा?" सरांनी विचारलं.

"बोलायचा तर! म्हणायचा, माझा धाकटा भाऊ सिनेमात आहे. प्रत्येक सिनेमात मरतो. मग तो करून दाखवायचा. गोळी लागली, असा पडायचा. सुरा लागला, असा. पोरं ओरडायची, 'शेंग, पुन्हा मर!' आणि हा पुन्हा मरायचा."

युसुफने हे इंग्रजीत सांगितलं. मेइ चिनीत सांगायला लागली. पण सरांना इंग्रजीतूनच समजलं होतं. त्यांचा चेहरा होता तसाच होता. हाजींना वाटलं, पाहुण्यांना आवडलं नाही. ते युसुफला म्हणाले, "मी काही चुकीचं बोललो का?"

सरांनी पुढे होऊन त्यांचे दोन्ही हात धरले आणि बराच वेळ धरून ठेवले.

परतताना गाडीत मला मनातून बरं वाटलं होतं. म्हटलं, आईला नाही तरी यांना कळलं की भाऊ सुखात होता. एवढं कळलं तरी पुष्कळ.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी ब्रश मांडून बसले होते. सर आले, पण खुर्चीत बसले नाहीत. बाहेरच्या टेबलाशी बसून लिहायला लागले. दुपारपर्यंत लिहीत होते. मग मेइला हाक मारली, मलाही थांब म्हणाले. त्यांनी ते इंग्रजीतच सांगितलं, मला कळावं म्हणून असेल, किंवा त्या भाषेत थोडक्यात सांगता येतं म्हणून असेल.

"मेइ, मी नवीन शेंग लिहिलाय. हसणारा. आता लेखक म्हणून सांगतो. हा नट बदल."

मेइ हसली. तिला आधी थट्टा वाटली. मग तिचा चेहरा उतरला. "लाओशी, नाही. जे चाललंय ते फार चांगलं चाललंय. प्रेक्षक काय हाजींकडे विचारायला जाणार आहेत? कुणाला कळणार आहे?"

"मला आता तो दिसतोय," ते म्हणाले. "इतके दिवस दिसत नव्हता. मी जे करतोय ते माझं दुखणं आहे. माझा भाऊ नाही तो."

"पण हे तुमचं काम आहे! तुम्ही इतकी वर्षं वाट बघितलीत."

"म्हणून तर चांगला नट आण."

मेइ रडली, भांडली, दोन दिवस त्यांच्याशी बोलली नाही. मलाही म्हणाली, "तू सांग ना त्यांना, तुझं ऐकतात." मी गेले. काय बोलायचं ते ठरवून गेले होते. पण ते मला म्हणाले, "मिस शैला, तूच सांग. शेंग हसतो तेव्हा गालावर रेषा कुठपर्यंत जाते?" मी माझं ठरवलेलं तसंच ठेवलं आणि परत आले.

तैपेईहून तांग नावाचे नट आले. साठीचे, सरांना ज्युनियर. आल्या आल्या त्यांनी सरांपुढे कमरेत वाकून नमस्कार केला. माणूस वाईट असता तर आम्हाला सोपं गेलं असतं. पण माणूस चांगला होता आणि नट त्याहून चांगला. मी त्यांना म्हातारं करत असताना सर शेजारी स्टुलावर बसायचे. मध्येच म्हणायचे, "डोळ्यांपाशी अजून. तो उन्हात काम करायचा." आपल्या जागी बसलेल्या माणसाच्या चेहऱ्यावर ते आपल्या भावाला बसवत होते. मी सांगतील तसं करत गेले. इतकं जड काम मी केलेलं नाही.

हसायचं त्यांनी तांगना शब्दांनीच शिकवलं, दुसरा इलाज नव्हता. "हनुवटी वर. श्वास आत घे, लगेच सोडू नको. आता पोटातून." तांग करायचे. "नाही, हे माझं हसणं झालं. शेंगला लाज कमी होती." पुन्हा. दोन-तीन दिवसांनी एकदा तांग असे हसले की बाहेर सामान उतरवणारा युसुफ दारात येऊन उभा राहिला आणि त्यालाही हसू आलं. सर म्हणाले, "हा तो."

बुदैयाच्या किनाऱ्यावर भेटीचा प्रसंग पुन्हा घेतला. नव्या लिखाणात बाप मुलाला ओळखतो आणि आधी हसतच सुटतो, हसता हसता खाली वाळूत बसतो. एका टेकमध्ये झालं. मेइने कट म्हटल्यावर लाइटवाली, कॅमेऱ्यावाली सगळी माणसं टाळ्या वाजवायला लागली. मेइ वळून सरांकडे आली. ते मॉनिटरपाशी खुर्चीत बसले होते. तिने वाकून त्यांच्या चेहऱ्याकडे बघितलं. तिथे वाचण्यासारखं काही नव्हतं.

"लाओशी, बरोबर आहे?"

"बरोबर."

त्यांच्या डोळ्यांतून पाणी गालावर आलं होतं. पण ते तर रोजच यायचं. मी टिश्यू घेऊन गेले आणि टिपून घेतलं. त्यांच्या चेहऱ्यावर त्या दिवशी मेकअप नव्हता, तरी सवयीने टिपलंच, पुसलं नाही.

शूटिंग संपल्यावर ते लगेच गेले. जायच्या आधी आमच्याकडे जेवायला आले. मी सुरमई केली होती. माझी लेक त्यांना इंग्रजीत विचारत होती, तुमचे कुठले सिनेमे बघू, आणि ते नावं सांगत होते. जेवायला त्यांना वेळ लागत होता. यांनी मुकाट्याने टीव्ही लावला, सगळे तिकडे बघायला लागले, आणि सरांना निवांत जेवता आलं. आमचे हे फारसे बोलत नाहीत, पण असं काहीतरी करतात.

सिनेमा लागला. तांग यांचं सगळ्यांनी कौतुक केलं. लेखक म्हणून सरांचं नाव पडद्यावर आलं आणि गेलं. आधी झालेलं त्यांचं सगळं काम कापलं गेलं. तो गोठलेला म्हातारा आम्हा पंधरा-वीस माणसांशिवाय कुणी पाहिलेला नाही. मला अजून कधी कधी वाटतं, दोन्ही ठेवता आले असते तर. पण सिनेमा एकच असतो.

परवाच्या गणपतीत मेइचा फोन आला. मी मोदकाची उकड काढत होते, हात भरलेले, लेकीने फोन कानाशी धरला. सर गेले होते, आठवडा झाला होता. शेवटी शेवटी गिळताही येत नव्हतं, लिहिणं कधीच थांबलेलं. ती सांगत राहिली, कोण कोण आलं, जुन्या सिनेमातली माणसं, बाजारातल्या बायका. मग म्हणाली, "शैला, एक गोष्ट तुलाच सांगते. आमच्याकडे शेवटचं दर्शन घ्यायच्या आधी मेकअप करतात. करणाऱ्या माणसाने त्यांना हसरं केलं होतं. ओठांचे कोपरे वर केलेले, गालावर हलका रंग. सगळे म्हणत होते, किती छान, किती शांत दिसतात."

"मग?"

"मी त्याला ते काढायला लावलं. तो म्हणाला, घरच्यांना बरं वाटतं. मी म्हटलं, काढा. सगळे माझ्याकडे बघायला लागले. त्यांची मेहुणीसुद्धा चिडली. तुझं कामच ते आहे, म्हणून विचारते. मी बरोबर केलं ना?"

मोदकपात्राचं झाकण थडथडायला लागलं होतं. लेक एका हाताने फोन धरून दुसऱ्या हाताने गॅस बारीक करायला गेली.

"मी असते," मी तिला म्हटलं, "तर मीही पुसलं असतं."